साडेतीनशे डिग्री

मेव्हणी सॅन अँटोनियोहून फोनवर म्हणाली, सोपं आहे भावजी,
सगळं एका ट्रेमध्ये ओतायचं आणि विसरून जायचं.
मी लाइट बिलाच्या पाठीवर लिहून घेतलं:
मका, सॉसेज, घेवडा, चीज, मिरची,
साडेतीनशे डिग्री, चाळीस मिनिटं.
विसरून जायचं, हेही लिहिलं.

सलोमीची रात्रपाळी.
घरी मी आणि मालगावची बारा कणसं.
कणीस उभं धरून सुरी वरून खाली ओढली
की दाणे ओळीनं सुटतात,
दूध उडून चष्म्यावर बसतं.
एक ओळ चुकून तोंडात गेली.
दुसरी चुकून नाही.

घेवडा वाघ्या, कोरेगावचा, शिजवून घेतलेला.
तिकडे म्हणे तळाला मक्याच्या पोळ्या घालतात;
मी कालची ज्वारीची भाकरी मोडली,
पापुद्रा वर, कडा खाली.
संकेश्वरी मिरची तव्यावर पडली तेव्हा
शेजारच्या खिडकीतून दोन शिंका आल्या
आणि एक शिवी.

सॉसेज मात्र अस्सल.
कायतान गार्ड वास्कोहून येताना माळ आणतो,
वर्तमानपत्रात गुंडाळून, वर पिशवी, तिच्यावर आणखी एक पिशवी,
तरी मिरजेच्या अख्ख्या फलाटाला कळतं.
कढईत लाल चरबी सुटली,
भाकरीनं ती पिऊन टाकली.
आता वेगळं काढणं कुणाच्या हातात नव्हतं.

आमच्याकडे ओव्हन नाही.
पहाटे चारला ट्रे टॉवेलात बांधून
दोन गल्ल्या पलीकडे, दस्तगीरच्या बेकरीत.
खारीचा घाणा नुकताच निघालेला.
म्हटलं, साडेतीनशे लागतात रे.
तो म्हणाला, भट्टीला आकडे येत न्हाईत चाचा,
हात आत घालायचा आन् मोजायचं.
पाचाला काढावा लागला तर पाव,
सातापर्यंत टिकला तर नानकटाई.
मग टॉवेलाजवळ नाक नेलं.
"आत काय हाय?"

कोंबडीचं म्हणता आलं असतं.
दरवर्षी नाताळचा आमचा केक
याच भट्टीत फुगतो.
मी खरं ते सांगितलं.

तो हसला नाही, रागावलाही नाही.
पिठाचे हात फडक्याला पुसले, एकेक बोट.
"मग ह्ये आत न्हाई जायचं."
"नाही," मी म्हटलं, आणि ट्रे उचलला.
"थांबा की."
भट्टीच्या तोंडातून फावड्यानं
बाभळीचे निखारे ओढले, घमेल्यात टाकले,
दोन फावडी, जरा विचार करून आणखी अर्धं,
वरून राख भुरभुरली, जशी पोरावर चादर.
"खाली थोडं, वर जास्त.
आन् सारखं उघडून बघू नका."

दोन खेपा केल्या. आधी निखारे, मग ट्रे.
कुत्री दुसऱ्या खेपेला सोबत आली.

मागच्या दारी तीन विटा, वर ट्रे,
ट्रेवर पत्रा, पत्र्यावर विस्तव.
चाळीस मिनिटं कसली, सव्वा तास लागला.
विसरता तर अजिबात आलं नाही,
चार वेळा उघडून बघितलं.

सातला सलोमी आली, हाताला डेटॉलचा वास.
बूट न काढता उभ्यानंच
कोपऱ्यातला करपलेला चीजचा तुकडा खरवडून खाल्ला,
मग दुसरा कोपरा.
रात्री दोघं दगावले, म्हणाली,
आणि ताट मागितलं.

घमेलं घासून उन्हात पालथं घातलं.
भांडं रिकामं परत करायचं नसतं,
आणि यातलं काही देण्याजोगं नव्हतं.
उरलेली पाच कणसं, पाल्यासकट,
संध्याकाळी त्याच्या कट्ट्यावर ठेवली.
दस्तगीरनं एक सोललं,
नखानं दाणा फोडला, दूध आलं.
"कवळं हाय," म्हणाला,
बाही वर सारली, हात भट्टीत घातला
आणि मोजायला लागला.